ठिकाण सात

मोजणीवाली : इथं फक्त सही करायची, आजी. नाव मी लिहिलंय. काकांची सही आधीच झालीय, ही बघा.

अक्का : मी आजी आणि माझा पाठचा भाऊ काका? आठच वर्षांचं अंतर आहे आमच्यात. एवढ्यात एक पिढी बसवलीस होय?

मोजणीवाली : अहो, ते चार दिवस माझ्याबरोबर भर उन्हात ओढ्याच्या उगमापासून पार नदीपर्यंत चालले. तिसऱ्या दिवशी मी दमले, ते नाही. त्यांना आजोबा कसं म्हणू?

अक्का : चालणारच. लहानपणी तो घरात कमी आणि ओढ्यात जास्त असायचा. आई जेवायला हाक मारायची ती ओढ्याकडं तोंड करूनच. गुडघाभर पाण्यात तासन् तास हलायचा नाही, मासे पायाशी यावेत म्हणून. पायही तसलेच, काटक्या. आम्ही बगळ्या म्हणायचो त्याला. चहा घे, निवतोय.

मोजणीवाली : घेते. मी मोजणीला आले तेव्हा तुम्ही असायला हव्या होता. जो तो म्हणत होता, ओढ्याचं काही विचारायचं तर अक्कांना विचारा, त्यांच्याकडे वह्या आहेत.

अक्का : एकेचाळीस आहेत. शाळेत शिकवायला लागले त्या वर्षापासून रोजची एक ओळ. पाणी किती, कुठवर, कोण आलं, कोण गेलं. कोण म्हणजे चतुर, बेडूक, पाखरं. माणसांचं मी लिहीत नाही. ते लिहायला लागले तर वह्या पुरायच्या नाहीत आणि गावात राहता यायचं नाही.

मोजणीवाली : आणि मोतीबिंदूही नेमका त्याच आठवड्यात.

अक्का : त्याला काय ठाऊक तुमची मोजणी कधी आहे ते. पण डोळा झकास झाला हो. इतकी वर्षं मी समजत होते ही भिंत पिवळी आहे. पांढरी निघाली. आण तो रिपोर्ट. वाचल्याशिवाय सही करायची सवय नाही मला.

मोजणीवाली : वाचा ना. फक्त पाचच्या आत ऑफिसला पोचवायचाय. काठावर जमीन असणाऱ्या सगळ्यांच्या सह्या लागतात, आणि हरकतींचा आज शेवटचा दिवस.

अक्का : ‘हंगामी नाला. उन्हाळ्यात पात्र पूर्णतः कोरडे.’ हे कुणी लिहिलं?

मोजणीवाली : मी.

अक्का : नाला म्हणालीस ते एक वेळ सोडून देते. पण कोरडं?

मोजणीवाली : सात ठिकाणी पाहिलं, आजी. उगमाचा कडा कोरडा. त्याखालचे दगडधोंडे कोरडे. सगळीकडे तेच. फक्त डोहात पाणी होतं, पण ते साचलेलं. काका म्हणाले, महिन्याभरात तेही आटतं.

अक्का : असं म्हणाला?

मोजणीवाली : हो. वाहतं पाणी एका जागी जरी दाखवता आलं असतं तरी गोष्ट वेगळी होती.

अक्का : वेगळी म्हणजे कशी?

मोजणीवाली : मग तो बारमाही ओढा ठरतो. बारमाही ओढ्यात भराव घालता येत नाही. त्यावरून रस्ता न्यायचा तर पूलच बांधावा लागतो. हंगामी असेल तर काम सोपं. दोन सिमेंटचे पाइप टाकायचे, त्यावर मुरूम, त्यावर रस्ता. डोह आणि वरचं वळण भरून सपाट करायचं. तीन आठवड्यांत गाडी जाईल.

अक्का : डोहाच्या पाण्यावर पाणनिवळ्या होत्या का गं? ते लांब पायांचे किडे, पाण्यावर चालतात ते.

मोजणीवाली : होत्या की. भरपूर.

अक्का : कुठल्या दिशेला तोंड करून?

मोजणीवाली : ते नाही पाहिलं मी. त्यालाही दिशा असते?

अक्का : साचलेल्या पाण्यात त्या मधल्या सुट्टीतल्या पोरांसारख्या वाटेल तिकडं भटकतात. खालून पाणी सरकत असेल, तर प्रार्थनेला उभ्या केल्यासारख्या सगळ्या एका बाजूला बघतात. पाणी जिकडून येतं तिकडं. हे फोटो कुठले?

मोजणीवाली : एकेका ठिकाणाचा एकेक फोटो आहे. हा शेवटचा, ठिकाण सात. डोहाच्या जरा वरचं वळण.

अक्का : वाकडी.

मोजणीवाली : काय?

अक्का : वळणाचं नाव. ओढा तिथं कंबरेत वाकतो. आम्ही प्रत्येक जागेला नाव ठेवलं होतं. धुण्याचा खडक, वाकडी, मामाची उडी. मामाची उडी म्हणजे मामा जिथं घसरून पडला ती जागा. उडी मारली असं त्यानं वर आल्यावर सांगितलं. हा बगळ्याच ना?

मोजणीवाली : हो, मापाची काठी धरून उभे आहेत. फोटोत काठी लागते, म्हणजे उंचीचा अंदाज येतो.

अक्का : तिथं उभं राहायला तू सांगितलंस?

मोजणीवाली : नाही, मी जरा अलीकडं वाळूत उभे राहा म्हणत होते. ते म्हणाले, या दगडावर काठी सरळ राहते. मग माझं सगळं लिहून होईपर्यंत तिथून हललेच नाहीत. आणि काय मजेशीर बोलत होते! एरवी चार दिवसांत चार वाक्यं बोलले नसतील. तिथं मात्र अगदी मोठमोठ्यानं गोष्ट सांगत होते.

अक्का : मोठमोठ्यानं? कसली गोष्ट?

मोजणीवाली : तुमच्या मामांचीच की. आत्ता तुम्ही नाव घेतलंत तेव्हा आठवली.

अक्का : हं. दगडाच्या कडेला हे हिरवं काय आहे, दिसतं का तुला?

मोजणीवाली : गवत असेल.

अक्का : नेचा आहे. नेच्याला रोज पाणी लागतं, तो कोरड्यात दोन दिवस टिकत नाही. आणि ही वाळू बघ. पांढरी आहे. वाकडीची वाळू काळपट असते. ही खाली नदीपाशी मिळते, अर्ध्या कोसावर. ती चालत वर आली नसणार.

मोजणीवाली : म्हणजे काय, आजी? तिथं काही आहे का?

अक्का : असं कर. तुझ्या साहेबांना फोन लाव, म्हणावं थोडा उशीर होईल. घरात रेंज येत नाही, मागच्या टेकाडावर येते. जाता जाता गोठ्यात डोकाव आणि भावाला सांग, अक्कानं बोलावलंय.

(मोजणीवाली टेकाडाकडे जाते. थोड्या वेळानं भाऊ येतो आणि उंबऱ्यातच थांबतो.)

भाऊ : काय गं? झाली सही?

अक्का : बस.

भाऊ : उभा बरा आहे.

अक्का : हो, उभं राहायचं चांगलंच जमतं तुला. फोटो बघितलास? ठिकाण सात.

भाऊ : बघितलाय.

अक्का : झाकण कधी ठेवलंस?

भाऊ : कसलं झाकण?

अक्का : मी त्या पोरीला नाही विचारत, तुला विचारतेय. आई होती तेव्हापासून दर उन्हाळ्यात आपण दोघं ती शिळा झऱ्यावर ठेवतो, गुरांनी झऱ्याचं तोंड तुडवू नये म्हणून. वरून कुणाला दिसत नाही, पण खालच्या दगडगोट्यांतून पाणी डोहात जात राहतं. साठ वर्षांत एकदाही थांबलेलं नाही. हे गावात दोघांनाच पक्कं ठाऊक आहे. एक मी. दुसरा कोण?

भाऊ : मोजणीच्या दोन दिवस आधी ठेवलं.

अक्का : कुणाला बरोबर घेतलंस?

भाऊ : कुणाला नाही. पहारेनं सरकवलं. दीड दिवस गेला.

अक्का : आई काय सांगायची आठवतं? ठेवताना दोघांनी एकदमच सोडायचं. एकानं आधी सोडलं तर दुसऱ्याची बोटं जातात. इतकी वर्षं माझी दहाही बोटं शाबूत राहिली ती तुझ्यामुळं.

भाऊ : जाऊ दे ना आता.

अक्का : मी डोळ्याला पट्टी बांधून दवाखान्यात पडले होते. तू संत्री घेऊन आलास. सोलून हातात दिलीस. म्हणालास, ‘ओढ्याची काळजी करू नकोस, मी आहे.’ कधी म्हणालास हे? ठेवायच्या आधी की नंतर?

भाऊ : नंतर.

अक्का : नंतर! आणि झरा खाली वाजत होता म्हणून वरून मामाची गोष्ट. घसा नाही बसला? मामा पडला तेव्हा मामासुद्धा एवढ्यानं ओरडला नसेल.

भाऊ : हसतेस?

अक्का : तोंड दिसतंय ना माझं? हसत असेन तर सांग.

भाऊ : रस्ता पाहिजे मला. सूनबाईचे दिवस भर पावसाळ्यात भरतायत. पूल मागून मागून बावीस वर्षं झाली. किती अर्ज लिहिले? अर्धे तर तुझ्याच अक्षरात आहेत. आला पूल? आता निदान पाइप येतायत. पुन्हा पूल म्हटलं तर आणखी दहा वर्षं जातील.

अक्का : मग मला सांगायचंस.

भाऊ : तू ऐकलं असतंस?

अक्का : नसतं ऐकलं. भांडले असते. दोन दिवस जेवले नसते. पण तोंडावर भांडायला मी याच घरात होते ना? पट्टी सुटेपर्यंत तरी थांबायचंस.

भाऊ : थांबायचं? एकदा थांबलो होतो तुझं ऐकून.

अक्का : कधी?

भाऊ : कधी म्हणतेस! पोराच्या आईला श्वास लागला होता. गाडीत घालून काठावर आणली. ओढा फुगलेला. मी म्हणत होतो, वरच्या गावच्या पुलावरून फिरून जाऊ, तीन तास लागले तर लागू देत. तू म्हणालीस, ‘थांब. पाऊस उघडलाय. दुपारपर्यंत नाक दिसेल.’

अक्का : दरवेळी दिसायचं. पाऊस उघडला की चार तासांत तो नाकाचा दगड पाण्याबाहेर यायचा आणि माणसं ओलांडायला लागायची. माझ्या सगळ्या वह्यांमध्ये तेच होतं.

भाऊ : दरवेळी. त्या दिवशी संध्याकाळी दिसलं. तोवर ती गेली.

अक्का : डोंगरावर पुन्हा पाऊस झाला होता. इथून ते कळायला काही मार्ग नव्हता.

भाऊ : माहीत आहे मला. मी कधी बोललो तुला?

अक्का : नाही. बावीस वर्षांत एक शब्द नाही. बोलला असतास तर बरं झालं असतं.

भाऊ : तू दवाखान्यात गेलीस त्या रात्री तुझी कपाटातली त्या वर्षाची वही काढली. म्हटलं, बघू तरी अक्कानं काय लिहिलंय.

अक्का : का काढलीस?

भाऊ : पाठ झालंय मला. ‘पाणी नाकाच्या वर सहा फूट. संध्याकाळी सहाला नाक दिसले. पलीकडचा काठ ढासळला. खंड्याचे बीळ वाहून गेले, आत चार अंडी होती.’ संपलं. चार अंडी मोजलीस तू, अक्का. ती कुठं आहे त्यात?

अक्का : माणसांचं मी लिहीत नाही.

भाऊ : तुझी भावजय होती ती. तुझे केस विंचरून द्यायची.

अक्का : लिहायला बसले होते रे. तिचं नाव लिहिलं असतं तर पुढचं वाक्यही लिहावं लागलं असतं. ‘थांबा’ असं मी म्हणाले, हे. ते माझ्यानं झालं नाही. म्हणून अंडी लिहिली.

भाऊ : दुसऱ्या दिवशी सकाळी पहार घेऊन वाकडीला गेलो.

अक्का : म्हणजे रस्ता हे निम्मं कारण.

भाऊ : निम्मं असेल. पण खोटं नाही.

अक्का : खोटं नाही, हे मला कळतंय. म्हणून तर बसून बोलतेय. आता माझं ऐक. सहा फूट पाणी तुझ्या डोळ्यांनी बघितलंयस. कागदावर कोरडा ओढा लिहिला तर कोरड्या ओढ्याचे पाइप टाकतील. दोन पाइपांतून ते पाणी जाईल का?

भाऊ : इंजिनियर बघतील ते.

अक्का : इंजिनियर तिचा कागद बघतील. कागदात तू उभा आहेस. पहिल्या मोठ्या पुरात पाण्याला वाट मिळाली नाही की तो भराव घेऊन जाईल. त्या दिवशी आपण काठावर होतो. सूनबाईला घेऊन तू मधोमध असशील.

भाऊ : आणि पूल येईपर्यंत? या पावसाळ्यात काय करायचं?

अक्का : पाऊस लागायच्या आधी तिला घेऊन मी पलीकडं जाते. दवाखान्याजवळ खोली घेऊ. नाक दिसायची वाट बघायची नाही.

भाऊ : तुझ्या भरवशावर पाठवू?

अक्का : लागलं. बरोबर ठिकाणी लागलं. पण तो दगड तू आपल्या हातानं उघडावास असं मला वाटतं. ती पोरगी येतेय, पाय वाजतायत. तिला तू सांग. ओल झाकायला आणलेली पांढरी वाळू, झाकण, सगळं. मी तुझ्याबद्दल एक अक्षर बोलणार नाही.

मोजणीवाली : झालं, आजी. साहेब सहापर्यंत थांबतायत. काका, बरं झालं तुम्ही आहात. ठिकाण सातबद्दल आजींना शंका आहे. तुम्ही ज्या दगडावर उभे होता, त्याखाली काही आहे का?

अक्का : सांग.

भाऊ : दगडाखाली काय असणार? माती.

मोजणीवाली : नक्की ना? म्हणजे रिपोर्ट आहे तसाच ठेवू?

भाऊ : तसाच ठेवा. अक्काचा डोळा नवा आहे. फोटोत काहीबाही दिसतं तिला.

मोजणीवाली : आजी?

अक्का : ऐकलं मी. डोळ्याचं काम झालंय, कान जुनेच आहेत. चांगले आहेत.

मोजणीवाली : मग मी काय करू?

अक्का : कोरा कागद आहे? लिही. हरकत. ‘ठिकाण सात येथे फोटोतील माणूस बाजूला करून पुन्हा पाहणी व्हावी.’

मोजणीवाली : असंच लिहू? या शब्दांत?

अक्का : याच शब्दांत. त्याखाली लिही, ‘पुराचे पाणी सहा फूट चढते, त्या दिवसाची नोंद सोबत जोडली आहे.’ वही मी देते. त्या पानावर एक ओळ राहून गेली होती, ती आज माझ्या हातानं घालते आणि मग देते. आण, सही करते. सही करायचीच होती ना तुला.

भाऊ : अक्का, वही कशाला बाहेर काढतेस?

अक्का : तू नाही काढलीस? पोरी, चपला घाल. वीस मिनिटांची वाट आहे. वाकडीला पोचलो की बोलायचं नाही, गोष्ट सांगायची नाही, पायसुद्धा वाजवायचा नाही. नुसतं ऐकायचं.

भाऊ : या उन्हात? तुला वाकायचं नाही म्हणून डॉक्टरांनी बजावलंय.

अक्का : ती काळजी आता राहू दे. पहार कुठं ठेवलीस?

भाऊ : तुम्हा दोघींना ती शिळा हलायची नाही.

अक्का : तुला एकट्याला हलली की. आज नाही हलली तर उद्या हलेल. पहार कुठं आहे?

भाऊ : दाराआड.

अक्का : येतोस?

भाऊ : नाही.

अक्का : बरं.

मोजणीवाली : द्या आजी, मी घेते. जड आहे.

अक्का : धर. खालच्या टोकाला धर. चल.

भाऊ : अक्का.

अक्का : काय?

भाऊ : पहार डावीकडून लाव. उजवीकडं खेकडीण बसलीय. पोटाखाली पिल्लं आहेत तिच्या.